कॅमेऱ्यामागील माणूस

या महिन्याच्या सदरास कोणता विषय घ्यावा याचा विचार करीत आम्ही बसलों होतों. तोंच विषय आपल्या पायांनीं आमच्या भिसेगांवच्या ओटीवर चालत आला. पावसाची झड चार दिवस थांबली नव्हती. पलीकडच्या घरचे तात्या छत्री झटकून आंत आले आणि टेकण्यापूर्वींच म्हणाले, "तुम्ही मासिकांतून लोकांना शहाणपण सांगतां; आतां आमच्या घरांतला एक तंटा तोडून द्या."

तंटा असा होता. तात्यांचें घर एकत्र कुटुंबाचें. दोन मुलगे, दोन सुना, पांच नातवंडें आणि घराचा कणा म्हणाव्या अशा आजी. थोरली नात यंदां पदवीपरीक्षा देऊन मोकळी झाली. पुढें काय, असें विचारतां तिनें शांतपणें सांगितलें कीं, पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटची प्रवेशपरीक्षा द्यावयाची आणि छायालेखन शिकावयाचें. नटी व्हावयाचें नाहीं, दिग्दर्शकहि व्हावयाचें नाहीं, कॅमेरा चालवावयाचा. हें ऐकून घरांत दोन तट पडले. काकांचें म्हणणें, या धंद्यांत आज काम आहे तर उद्यां नाहीं. आईला काळजी रात्रीअपरात्रींच्या कामाची. तात्यांचा स्वतःचा आक्षेप मात्र निराळा होता.

"अहो, नट लोकांस आठवतो, गाणें आठवतें, कॅमेरा कोणीं धरला होता हें कोणी विचारतें काय? पडद्यावर नांवें येऊं लागलीं कीं लोक चपला शोधूं लागतात. जन्मभर राबून ज्याचें नांव कोणी घेत नाहीं, असें काम आपल्या घरच्या मुलीनें कां करावें?"

आक्षेप पोकळ नव्हता, म्हणून आम्हीं त्याचें उत्तर त्या दिवशीं दिलें नाहीं. आठ दिवसांची मुदत मागून घेतली. त्या आठ दिवसांत जें वाचलें आणि आठवलें, तेंच आज वाचकांपुढें ठेवीत आहों. कारण असा तंटा केवळ तात्यांच्याच घरीं चालला असेल असें आम्हांस वाटत नाहीं.

प्रथम घराजवळची गोष्ट. कर्जत स्टेशनांतून मुंबईकडे निघालें म्हणजे भिवपुरी, नेरळ, शेलू आणि त्यापुढचें चौथें स्टेशन वांगणी. आमच्याकडील कितीतरी मंडळी रोज सकाळीं या स्टेशनावरून जातात आणि संध्याकाळीं परत येतात. याच वांगणीस, दादासाहेब फाळके यांच्या 'राजा हरिश्चंद्र' या चित्रपटाचें बाहेरील चित्रण झालें. तो चित्रपट मुंबईच्या कॉरोनेशन सिनेमॅटोग्राफमध्यें ३ मे १९१३ रोजीं लोकांस दाखविण्यांत आला, हें शाळेंतलीं मुलेंहि सांगतील. पण त्याचा छायालेखक कोण, असें विचारल्यास आमच्यासकट बहुतेकांची मान खालीं जाईल. त्यांचें नांव त्र्यंबक तेलंग.

तेलंग हे फाळक्यांचे त्र्यंबकेश्वराकडील बालमित्र. त्यांस छायाचित्रणाची गोडी होती. परंतु चलच्चित्राचा कॅमेरा त्या काळीं या देशांत शिकणार कोठें आणि शिकविणार कोण? फाळके १९१२ सालीं विलायतेस गेले, विम्याच्या पॉलिसी गहाण टाकून उभ्या केलेल्या पैशांतून विल्यम्सन बनावटीचा कॅमेरा घेऊन आले, आणि त्यांनीं आपल्या या मित्रास तो चालवावयास शिकविलें. कॅमेरा हातानें फिरवावयाचा असे. हॅण्डलचा एक फेर झाला कीं आठ चित्रें उमटत, आणि सेकंदास दोन फेर या बेतानें तें फिरवावें लागे. हात जलद पडला तर पडद्यावरील माणसें रेंगाळत, हात मंदावला तर तीं धांवत सुटत. समोर हरिश्चंद्राचें राज्य जावो कीं तारामतीचा विलाप चालो, हॅण्डल फिरविणाराच्या मनगटाचा ताल चुकतां कामा नये. आमच्याकडे तबलजीस जें ठेक्याचें भान लागतें, तेंच या माणसास लागे. भेद इतकाच कीं तबलजीस टाळी मिळते.

वांगणीच्या मुक्कामाची एक गोष्ट सांगतात. नटमंडळी ढाली-तरवारी घेऊन गांवांत उतरली. ग्रामस्थांनीं सिनेमा हें नांवहि ऐकलेलें नव्हतें. त्यांस वाटलें, दरोडेखोरांची टोळीच आली. वर्दी पोलीसपाटलाकडे गेली, फौजदार आले, आणि मंडळी अडकून पडली. फाळके मागाहून पोंचले. त्यांनीं फौजदारास समजावून पाहिलें. शेवटीं कॅमेरा मांडून, आंत फिल्म न घालतांच, एक प्रवेश वठवून दाखविला, तेव्हां कोठें सुटका झाली. आज हंसूं येतें. परंतु ज्या धंद्यास नांवच नाहीं तो धंदा करणाराकडे समाज कोणत्या नजरेनें पाहतो, याचा हा पहिला दाखला आमच्या चार स्टेशनांपलीकडे घडला आहे, हें विसरूं नये.

दुसरी गोष्ट हंसण्यासारखी नाहीं. रोहिदासाची भूमिका फाळक्यांचा मुलगा भालचंद्र करीत होता. चित्रणाच्या काळांत खेळतां खेळतां तो खडकावर पडला आणि त्याच्या डोक्यास जबर खोक पडली. रोहिदासाच्या मृत्यूचा प्रवेश घ्यावयाचा होता. मूल बेशुद्ध असतांनाच तो प्रवेश घेतला गेला, असें सांगतात. बापानें हें कसें केलें याचा न्याय आम्ही करीत नाहीं. परंतु त्या वेळीं कॅमेऱ्यामागें तेलंग उभे असतील, तर मित्राच्या मुलाकडे पाहात त्यांस हॅण्डल त्याच गतीनें फिरवीत राहावें लागलें असेल, हा विचार मनांतून जात नाहीं. पाहणें हेंच ज्याचें काम, त्यास डोळे मिटण्याची सोय नसते.

आणि या कामांत एक स्त्री होती. आमच्या वाचकभगिनींनीं हें विशेष लक्षांत घ्यावें. त्या वेळीं येणाऱ्या कोऱ्या फिल्मला कडांची छिद्रें पाडलेलीं नसत. हें काम सौ. सरस्वतीबाई फाळके रात्रीं अंधाऱ्या खोलींत हातयंत्रावर करीत. आम्हीं जरा हिशेब केला. एक फूट फिल्ममध्यें सोळा चित्रें. प्रत्येक चित्रास दोन्ही कडांना चार-चार छिद्रें. 'राजा हरिश्चंद्र' सुमारें ३,७०० फूट लांबीचा होता. म्हणजे तयार झालेल्या चित्रपटापुरतींच छिद्रें पावणेपांच लाखांच्या घरांत जातात; वांयां गेलेली फिल्म निराळी. दिवसा साठ-सत्तर माणसांचा स्वयंपाक; आणि चित्रण चालू असतां उजेड नटांच्या तोंडावर पडावा म्हणून भर उन्हांत पांढऱ्या चादरी धरून तासन् तास उभें राहणें. विजेचे दिवे नव्हतेच; सूर्य हाच दिवा. त्या सूर्यास वळवून पाहिजे तेथें पाठविण्याचें काम या गृहिणीनें केलें. आजच्या भाषेंत बोलावयाचें तर तीं छायालेखन खात्याचींच कामें होत. सहा महिने सत्तावीस दिवस हा संसार चालला होता. तेव्हां मुलींनीं या वाटेस जाऊं नये असें ज्यांस म्हणावयाचें असेल त्यांनीं म्हणावें. परंतु या वाटेवर पहिल्या दिवसापासून एक कुटुंबवत्सल स्त्री उभी होती, ही गोष्ट खोटी करतां येणार नाहीं.

फाळक्यांच्याहि आधीं एक मराठी माणूस कॅमेऱ्यामागें उभा राहिला होता. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, लोकांचे सावेदादा. जन्म १८६८ चा. मुंबईंत त्यांचा छायाचित्रांचा धंदा होता. १८९६ सालीं लुमिएर बंधूंचीं हलतीं चित्रें मुंबईस आलीं, तीं त्यांनीं पाहिलीं. हजारोंनीं पाहिलीं आणि घरीं जाऊन कौतुक सांगितलें. सावेदादांनीं विलायतेहून एकवीस गिन्यांचा कॅमेरा मागविला. १८९९ च्या नोव्हेंबरांत त्यांनीं मुंबईच्या हँगिंग गार्डनमध्यें पुंडलीक दादा आणि कृष्णा न्हावी या पहिलवानांची कुस्ती ठरविली आणि तिचें चित्रण केलें. फिल्म धुण्याची सोय येथें नसल्यामुळें ती इंग्लंडांत पाठवावी लागली. आपण काय टिपलें हें समुद्रापलीकडून टपाल येईपर्यंत टिपणारासच ठाऊक नाहीं. अशा धीराचा तो धंदा होता.

या मासिकाच्या वाचकांस सावेदादांचें दुसरें एक चित्रण अधिक जवळचें वाटेल. दापोली तालुक्यांतील मुर्डी गांवचे रघुनाथ पुरुषोत्तम परांजपे १८९९ सालीं केंब्रिजास सीनियर रँग्लर झाले. १९०१ च्या डिसेंबरांत ते मायदेशीं परतले, तेव्हां मुंबईंत त्यांचें थाटाचें स्वागत झालें. त्या गर्दींत सावेदादा आपला कॅमेरा लावून उभे होते. आपल्याकडील पहिला वार्तापट म्हणून जाणकार याचा उल्लेख करतात. रँग्लर परांजपे यांचें नांव कोणत्या सुशिक्षित मराठी घरांत ठाऊक नाहीं? आणि तो दिवस ज्यानें फिल्मवर धरून ठेवला, त्याचें नांव किती घरांत ठाऊक आहे? पुढें १९०३ च्या दिल्ली दरबाराचें चित्रणहि सावेदादांनीं केलें. त्यानंतर मात्र त्यांचें मन या कामांतून निघालें. त्यांनीं कॅमेरा विकला, मुंबईच्या गेइटी थिएटरची व्यवस्था पाहूं लागले, आणि त्या व्यवसायांत चांगले स्थिरावले. १९५८ सालीं ते वारले, तेव्हां त्यांच्यामागून सुरू झालेला हा धंदा लाखों माणसांचें पोट भरीत होता. स्वतः सावेदादांनीं घेतलेलें एकहि चित्रण आज पाहावयास मिळत नाहीं.

येथें आम्हांस जपानची आठवण होते, आणि ती सुखाची नाहीं. सावेदादांनीं कुस्ती टिपली त्याच नोव्हेंबर १८९९ मध्यें, टोकियोच्या काबुकी नाट्यगृहामागें, शिबाता त्सुनेकिचि नांवाच्या छायालेखकानें 'मोमिजिगारि' या नृत्यनाट्याचें चित्रण केलें. तेथील दोन थोर नट, नववे दान्जूरो आणि पांचवे किकुगोरो, त्यांत होते. वारा फार सुटला होता. दान्जूरोच्या हातांतला पंखा उडाला. प्रवेश फिरून घेण्यांत आला नाहीं. उडालेला पंखा चित्रांत तसाच राहिला. दान्जूरोस हें यंत्र मुळींच आवडत नव्हतें. पुढील पिढ्यांस आपलें नृत्य पाहतां यावें एवढ्याचसाठीं तो कबूल झाला. तें काहीं मिनिटांचें चित्रण आज शिल्लक आहे. २००९ सालीं जपान सरकारनें त्याचा राष्ट्राच्या महत्त्वाच्या सांस्कृतिक ठेव्यांत समावेश केला. एकाच महिन्यांत दोन देशांतील दोन माणसांनीं तेंच काम केलें. एकाची फिल्म देवळांतील मूर्तीप्रमाणें जपली गेली; दुसऱ्याची कोठें गेली हें कोणास ठाऊक नाहीं. दोष सावेदादांचा नव्हे. ज्यांनीं पाहिलें आणि जपलें नाहीं त्यांचा आहे.

जपानी छायालेखकाचा विषय निघालाच आहे तर मियागावा काझुओ यांची कारकीर्द थोडक्यांत सांगतों. कारण तात्यांच्या घरच्या काकांच्या प्रश्नास ती उपयोगी पडेल. क्योटो शहरांत १९०८ सालीं जन्म. लहानपणीं शाईनें चित्रें काढण्याची जपानी कला शिकले. काळ्या शाईंत पाणी कमीअधिक करून एकाच रंगाच्या असंख्य छटा उमटवावयाच्या, ही त्यांची पहिली शाळा. १९२६ सालीं ते क्योटोच्या निक्कात्सु स्टुडिओंत शिरले, तें फिल्म धुण्याच्या खात्यांत. मग सहाय्यक म्हणून काम. आणि स्वतःच्या जबाबदारीवर कॅमेरा हातीं आला तो १९३५ सालीं. म्हणजे नऊ वर्षें उमेदवारी. १९५० सालीं कुरोसावांच्या 'राशोमोन' चित्रपटांत त्यांनीं अरण्यांतल्या झाडीमधून थेट सूर्याकडे कॅमेरा वळविला. सूर्याकडे कॅमेरा करूं नये हा तोंपर्यंतचा दंडक होता. दाट झाडीखालीं नटांच्या चेहऱ्यावर उजेड पुरेना, तेव्हां त्यांनीं मोठे आरसे लावून ऊन आंत आणलें. पुढल्या वर्षीं त्या चित्रपटास व्हेनिसचें सर्वोच्च पारितोषिक मिळालें. त्यानंतर मिझोगुचि, ओझु, इचिकावा अशा निरनिराळ्या प्रकृतींच्या दिग्दर्शकांबरोबर त्यांनीं काम केलें, आणि प्रत्येकाच्या चित्रपटांत उजेड निराळा पडला. १९९९ सालीं ते वारले.

सरस्वतीबाईंच्या चादरी आणि मियागावांचे आरसे, यांत साधनाचाच काय तो फरक आहे. आपल्याकडेहि १९५९ च्या 'कागज के फूल' या चित्रपटांत व्ही. के. मूर्ती यांनीं आरशांनीं ऊन स्टुडिओंत आणून जो उजेडाचा झोत पाडला, तो पाहिलेला माणूस विसरत नाहीं. मूर्ती मूळचे म्हैसूरचे. कर्तृत्व मुंबईंत झालें. फाळक्यांच्या नांवाचा राष्ट्रीय पुरस्कार १९६९ पासून देण्यांत येतो. तो छायालेखकास प्रथम मिळाला, २००८ सालासाठीं, याच मूर्तींस. ज्या फाळक्यांनीं स्वतः हातानें कॅमेरा हाताळला, त्यांच्या नांवाचा मान कॅमेऱ्यामागील माणसापर्यंत पोंचावयास चार दशकें लागलीं! तात्यांच्या आक्षेपांत तथ्य आहे तें इतकें.

आतां कोणी विचारील कीं, छायालेखक करतो तरी काय? यंत्राची कळ दाबणें एवढेंच ना? हल्लीं तर ती कळ प्रत्येकाच्या खिशांत आहे. आम्ही एवढेंच सांगूं कीं, आपल्या अंगणांतील तुळशीवृंदावन एकदां सूर्योदयास पाहावें, एकदां भर दुपारीं पाहावें, आणि एकदां दिवेलागणीस पाहावें. वस्तु तीच, पण सकाळीं तिच्यांत प्रसन्नता दिसते, दुपारीं नुसता दगड दिसतो, आणि संध्याकाळीं घरांतील गेलेलीं माणसें आठवतात. कोणत्या प्रसंगास कोणता उजेड, कोठून पाहावयाचें, किती जवळून, आणि काय अंधारांत ठेवावयाचें, हें ठरविणें म्हणजे छायालेखन. कोल्हापुरास बाबूराव पेंटर यांस हें ठरविण्याची इतकी तळमळ होती कीं, त्यांनीं आपल्या सहकाऱ्यांच्या मदतीनें कॅमेराच घडविला. १९३४ च्या 'अमृतमंथना'मध्यें केशवराव धायबर यांनीं राजगुरूचा एक डोळा पडदाभर दाखविला, आणि त्या एका डोळ्यानें प्रेक्षकांच्या अंगावर कांटा उभा राहिला. १९३६ चा 'संत तुकाराम' घरोघरच्या आजी-आजोबांनीं भक्तिभावानें पाहिला, आणि पुढल्या वर्षीं व्हेनिसलाहि त्याचा गौरव झाला. त्यांतील इंद्रायणीकांठचा उजेड टिपणारे व्ही. अवधूत हे नांव कोणास आठवतें? पण तो उजेड मात्र सर्वांस आठवतो. हेंच या कलेचें वर्म आहे. छायालेखक आपलें नांव मागें ठेवीत नाहीं. आपलें पाहणें मागें ठेवतो. आपण तुकारामास ज्या डोळ्यांनीं पाहिलें, ते डोळे आपले नव्हते, अवधूतांचे होते.

मग नांव ठेवण्याचें काम कोणाचें? आमच्या मतें तें पाहणाराचें आहे, आणि आपण तें केलेलें नाहीं. मूकपटांच्या काळांत या देशांत तेराशेंच्या आसपास चित्रपट निघाले. त्यांतील पूर्ण स्वरूपांत हातीं असलेले फारच थोडे. फिल्म जळाली, सडली, आंतील चांदीसाठीं विकली गेली. पुण्यास १९६४ सालीं राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन झालें, तेव्हां पी. के. नायर यांनीं गांवोगांव हिंडून मिळतील ते तुकडे गोळा केले. फाळक्यांच्या कन्या मंदाकिनी यांनीं बाळकृष्णाचें काम केलेला १९१९ चा 'कालियामर्दन' आज पाहावयास मिळतो, तो अशाच शोधामुळें. 'राजा हरिश्चंद्रा'चे म्हणून जे दोन भाग उरले आहेत, तेहि १९१७ सालीं फिरून काढलेल्या आवृत्तीचे असावेत असें कांहीं अभ्यासकांचें मत आहे. तसें असेल तर वांगणीस तेलंगांनीं त्या पहिल्या वेळीं टिपलेला उजेड आपणांपैकीं कोणासहि पाहतां येणार नाहीं.

हें सर्व घेऊन आम्ही आठव्या दिवशीं तात्यांकडे गेलों. माजघरांत सारीं माणसें जमलेलीं होतीं. काकांस आम्हीं स्पष्ट सांगितलें कीं, उत्पन्नाची शाश्वती या धंद्यांत नाहीं. मियागावांसारख्यालाहि नऊ वर्षें दुसऱ्याच्या हाताखालीं काढावीं लागलीं. इन्स्टिट्यूटमधील जागा मोजक्या, आणि प्रवेश मिळाला नाहीं तर काय, याचा विचार मुलीनें आजच करून ठेवावा. आईस सांगितलें कीं, रात्रीचीं कामें असतात हें खरें. पण १९८५ सालीं बी. आर. विजयालक्ष्मी यांनीं तामिळ चित्रपटाचें छायालेखन स्वतंत्रपणें केलें, तेव्हांपासून या दारांतून मुली आंत जात आहेत, आणि डॉक्टर व परिचारिका होणाऱ्या मुलीहि रात्रींचीं कामें करतातच. यावर आई कांहीं बोलली नाहीं. काळजी शब्दांनीं फिटत नाहीं, हें आम्हांसहि ठाऊक आहे.

तात्या मात्र अडूनच बसले. "सगळें खरें. पण नांवाचें काय?"

तेव्हां आजी प्रथमच बोलल्या. समोरच्या भिंतीवर तात्यांच्या मातोश्रींचें छायाचित्र आहे. नऊवारी लुगडें, हात मांडीवर, आणि डोळ्यांत अर्धवट हंसूं. त्यांचें एवढें एकच चित्र घरांत आहे. आजी म्हणाल्या, "सासूबाईंना हंसतांना मीं फारसें पाहिलें नाहीं. या चित्रांत मात्र त्या हंसतात. तो कोण होता, ज्यानें त्यांना हंसविलें?"

कोणास सांगतां येईना. तात्यांनीं स्टुलावर चढून तसबीर उतरविली, खिळे काढले, मागचा पुठ्ठा सोडविला. पूर्वीं छायाचित्रकार आपलें नांव पुठ्ठ्याच्या खालच्या कडेस छापीत असत. ती कड तसबीर बसवितांना कोणींतरी कापून टाकलेली होती. तात्या बराच वेळ तें चित्र हातांत धरून बसले. मग नातीकडे वळून म्हणाले, "तुझ्या आईची रात्रींची काळजी तुझी तूंच मिटीव, मला त्यांतलें कळत नाहीं. अर्ज भर. आणि तुझें नांव आलें कीं हें घर शेवटपर्यंत खुर्चीवर बसून राहील, एवढें मी पाहतों."

तिला प्रवेश मिळेल कीं नाहीं हें आम्हांस सांगतां येत नाहीं. परंतु त्या दिवशीं रात्रीं त्या घरांत कपाटें उघडलीं गेलीं. थोरल्या मुलाच्या लग्नाची व्हिडिओ कॅसेट निघाली. तिच्यावर पांढरी बुरशी चढली होती. आपल्या कोंकणपट्टींत, आणि विशेषतः आमच्या कर्जतच्या पावसांत, असें कोणत्या घरीं झालेलें नसेल?

म्हणून वाचकांस आमची एवढीच विनंती आहे. पाऊस ओसरला कीं एके रविवारीं घरांतील जुनीं छायाचित्रें बाहेर काढावीं. प्रत्येकाच्या पाठीमागें पेन्सिलीनें, दाब न देतां, चित्रांत कोण आहेत, साल कोणतें, आणि ठाऊक असल्यास चित्र कोणीं काढलें, हें लिहावें. शाई वापरूं नये. ती पुढच्या बाजूस उतरते. चित्रें ओल नसलेल्या, वारा खेळणाऱ्या जागीं ठेवावीं; बाहेरच्या भिंतीस लागून असलेल्या कपाटांत ठेवूं नयेत. जुन्या कॅसेट असतील त्यांची नक्कल जाणत्या माणसाकडून आजच करून घ्यावी. बुरशी आलेली कॅसेट मात्र यंत्रांत घालून पाहूं नये, तिनें यंत्रहि बिघडतें. तसबीर बसवितांना पुठ्ठ्याची कड कापूं देऊं नये. घरांतील वृद्धांस नांवें विचारावयाचीं तीं यंदांच विचारावीं. पुढल्या वर्षावर हें काम ठेवूं नये.

आणि चित्रपट संपल्यावर नांवें येऊं लागलीं म्हणजे दोन मिनिटें बसून राहावें. छायालेखकाचें नांव तेवढें वाचावें आणि मग चपला शोधाव्या.